दप्तर यंत्रात गेले, जबाबदारी कोणाकडे?

(सहकार सप्ताहानिमित्त सेवा सोसायट्यांचे सचिव व संचालक, ग्रामपंचायतींचे सेवक आणि शिक्षक यांच्यापुढे झालेल्या भाषणाचा पाठ)



बडोदे संस्थानात १८८९ साली विठ्ठल लक्ष्मण कवठेकर यांच्या पुढाकाराने ‘अन्योन्य सहकारी मंडळी’ स्थापन झाली. परस्परांच्या साहाय्यावर चालणाऱ्या देशातील अगदी पहिल्या पतसंस्थांत तिची गणना होते. सहकारी पतसंस्थांचा पहिला कायदा त्यानंतर पंधरा वर्षांनी, म्हणजे १९०४ साली आला. ज्या काळी सहकार निबंधक नव्हता, खात्याचा लेखापरीक्षक नव्हता, की दाद मागण्यास कायद्याचे कलम नव्हते, त्या काळी काही माणसांनी आपला पैसा एकत्र ठेवला. तो कशाच्या भरवशावर ठेवला? एक शेजाऱ्याच्या शब्दाच्या आणि दुसरा वहीतील नोंदीच्या. सहकाराची इमारत आजही याच दोन खांबांवर उभी आहे.

वहीचे शास्त्र मराठी माणसाला परके नाही. दिवसाचा व्यवहार रोजकीर्दीत उतरवावा, त्यावरून खतावणी करावी, खात्यांच्या बाक्यांची तेरीज काढून पाहावी आणि वर्षअखेर ताळेबंद मांडावा, ही रीत पेढ्यांवर आणि कचेऱ्यांत पिढ्यान् पिढ्या चालत आली आहे. आता ही वही संगणकात जात आहे. केंद्र सरकारने जून २०२२ मध्ये देशातील ६३,००० प्राथमिक कृषी पतसंस्थांच्या संगणकीकरणाची २,५१६ कोटी रुपये खर्चाची योजना मंजूर केली. सर्व संस्थांचा हिशेब एकाच धर्तीच्या सॉफ्टवेअरवर यावा आणि त्या जिल्हा व राज्य सहकारी बँकांशी जोडल्या जाव्यात, हा तिचा हेतू होय. गोव्यात ज्यांना विविध कार्यकारी सेवा सोसायटी म्हणतात त्या संस्था याच वर्गातल्या. दूध उत्पादकांच्या संस्था, पगारदारांच्या पतसंस्था आणि ग्राहक भांडारे यांपैकी अनेकांनी तर यापूर्वीच आपापल्या परीने संगणक घेतलेले आहेत.

हा बदल इष्ट आहे, याविषयी दुमत असण्याचे कारण नाही. ज्या व्याजाच्या आकारणीस सचिवाला पूर्वी आठवडा लागे, ती आता काही क्षणांत होते. परंतु यंत्र आले म्हणजे दप्तर आपोआप शुद्ध झाले, अशी जी समजूत पसरू लागली आहे, ती मात्र घातक आहे. यात सामान्य सभासदाचे काय पणाला लागलेले आहे, हे एका गोष्टीवरून ध्यानात येईल. बँकेतील ठेवीला ठेव विमा व पतहमी महामंडळाचे विमासंरक्षण असते आणि त्याची मर्यादा फेब्रुवारी २०२० पासून पाच लाख रुपये करण्यात आली. गावच्या प्राथमिक सहकारी संस्थेतील ठेवीला हे संरक्षण लागू नाही. काजूच्या हंगामातून उरलेले पैसे संस्थेत ठेवणाऱ्या विधवेपाशी आपल्या ठेवीचा पुरावा एवढाच, की संस्थेच्या दप्तरात तिची नोंद आहे आणि ती बरोबर आहे. ती नोंद वहीत असो की यंत्रात, तिच्याबद्दल कोणी तरी माणूस उत्तर देण्यास बांधलेला असला पाहिजे. आजच्या विवेचनाचे सूत्र एवढेच आहे.

जुन्या बाक्यांची परीक्षा

संगणकीकरणातील सर्वांत अवघड काम यंत्र विकत घेणे हे नव्हे. जुन्या वहीतील बाक्या नव्या यंत्रात बिनचूक उतरवणे, हे ते काम होय. बहुधा ३१ मार्च हा दिवस धरून सर्व खात्यांच्या अखेरच्या शिलका यंत्राला द्याव्या लागतात. हे काम अनेकदा बाहेरून आणलेली, गावाची माहिती नसलेली मुले दिवसाकाठी शेकडो खाती या वेगाने करतात.

समजा, एका संस्थेच्या सामान्य खतावणीत सभासदांकडून येणे कर्ज ४८,३६,५०० रुपये आहे, आणि सभासदांच्या वैयक्तिक खात्यांच्या बाक्यांची बेरीज ४८,३४,७०० रुपये येते. फरक १,८०० रुपयांचा पडला. जुन्या हिशेबनिसांचा एक आडाखा आहे. फरकाला नऊने पूर्ण भाग जात असेल, तर कोठे तरी लगतच्या दोन अंकांची अदलाबदल झाली असावी. १,८०० ला नऊने भाग जातो. शोध घेता एका खात्यात ६,४०० ऐवजी ४,६०० लिहिले गेल्याचे आढळते. यंत्र ही चूक आपण होऊन दाखवत नाही, कारण त्याच्या दृष्टीने ४,६०० ही देखील शुद्ध रक्कमच असते.

याहून कठीण प्रकार पुढे आहे. एका सभासदाने भरलेले ५०० रुपये त्याच नावाच्या दुसऱ्या सभासदाच्या खात्यात जमा झाले, तर दोघांच्याही बाक्या चुकतात; पण एकूण बेरीज मात्र तंतोतंत जुळते. तेरीज जुळली म्हणून सचिव समाधान मानतो आणि लेखापरीक्षकही पुढे जातो. ही चूक फक्त दोनच माणसांना सापडू शकते, आणि ते दोघे म्हणजे ते दोन सभासद. यास्तव जुन्या बाक्या यंत्रात उतरल्यानंतर त्यांची सभासदनिहाय यादी काढून प्रत्येकाला त्याची बाकी दाखवणे आणि त्याची सही घेणे, यास दुसरा पर्याय नाही. महाराष्ट्रात हस्तलिखित सातबारे संगणकावर घेतल्यानंतर ते गावोगावी चावडीवर वाचून दाखवण्याची मोहीम घ्यावी लागली, ती याच कारणासाठी. जमिनीच्या नोंदीला जो न्याय, तोच ठेवीच्या आणि कर्जाच्या नोंदीला लावला पाहिजे. अर्थात कोणाची ठेव किती, हे चारचौघांत वाचण्याचे कारण नाही. ज्याची बाकी त्याला दाखवली म्हणजे पुरे.

न सापडलेला फरक ‘सस्पेन्स’ खात्यात ढकलून मोकळे होण्याची एक वाईट खोड अनेक ठिकाणी दिसते. काम अडू नये म्हणून क्वचित तसे करावे लागते, हे खरे. परंतु ते खाते तीन महिन्यांत निरंक झाले नाही, तर पुढे ते कोणाच्याच लक्षात राहत नाही, आणि दहा वर्षांनी त्यातील रकमेचा मूळ धनी शोधणे अशक्य होऊन बसते. नवी पद्धत सुरू झाल्यावर निदान तीन महिने वही आणि यंत्र ही दोन्ही सोबत चालवावीत आणि दर महिन्याची तेरीज एकमेकांशी ताडून पाहावी. यात श्रम दुप्पट होतात, पण पुढचा मनस्ताप टळतो.

नाव एक, लेखन अनेक

यंत्रात माहिती साठवण्याच्या शास्त्राला एडगर कॉड या गणितज्ञाने १९७० साली एका निबंधाद्वारे नवी दिशा दिली. आज बहुतेक सर्व हिशेबी सॉफ्टवेअर त्याने घालून दिलेल्या पायावर उभे आहे. त्यातील एक व्यावहारिक तत्त्व गावच्या सचिवालाही सहज पटेल. एक माहिती एकाच ठिकाणी लिहावी आणि इतर सर्व ठिकाणी तिच्याकडे केवळ निर्देश करावा. सभासदाचा पत्ता भाग नोंदवहीत एक, कर्ज खात्यात दुसरा आणि ठेवीच्या पावतीवर तिसरा असेल, तर खरा कोणता हे यंत्र सांगू शकत नाही. पत्ता एकाच जागी असेल आणि तिन्ही खाती एका क्रमांकाने त्याच्याशी जोडलेली असतील, तर दुरुस्तीही एकदाच करावी लागते.

हा जोडणारा क्रमांक म्हणजे सभासद क्रमांक. नावावर विसंबून चालत नाही, याचा अनुभव गोव्याइतका क्वचितच कोणाला असेल. मुक्तीपूर्व कागदपत्रांत नावे पोर्तुगीज वळणाने लिहिलेली आहेत. ‘शंकर’ हे नाव तेथे ‘एक्स’ या अक्षराने सुरू होते. ‘गावकर’ यातील ‘क’साठी जुन्या कागदावर ‘सी’ असतो, तर नव्या ओळखपत्रावर ‘के’. बापाचे आडनाव एका रीतीने, मुलाचे दुसऱ्या रीतीने आणि सुनेचे माहेरच्या कागदावर तिसऱ्याच रीतीने लिहिलेले आढळते. इंदूर, ग्वाल्हेरकडील मराठी कुटुंबांची अडचण निराळी. तेथे कचेरीचे काम हिंदीतून चालत असल्याने ‘काळे’ हे आडनाव सहज ‘काले’ होते. बेळगाव भागात तेच नाव मराठी, कानडी आणि इंग्रजी अशा तीन लिप्यांतून प्रवास करते. माणूस ही सर्व रूपे एका दृष्टिक्षेपात ओळखतो. यंत्राला मात्र एका अक्षराचा फरक म्हणजे दुसरा माणूस वाटतो.

जन्मतारखेवरून माणूस ओळखावा म्हटले, तर तेथेही तीच गत आहे. शाळेत नाव घालताना गुरुजींनी १ जून ही तारीख लावून दिलेली माणसे किती आहेत, हे येथे बसलेल्या शिक्षकांना सांगावयास नको. एकाच वाड्यावर एकाच नावाचे आणि एकाच १ जूनला जन्मलेले दोन सभासद निघाले, तर आश्चर्य मानू नये.

म्हणून काही नियम काटेकोरपणे पाळावेत. प्रत्येक सभासदाला एकच क्रमांक असावा. तो क्रमांक त्याच्या मृत्यूनंतर दुसऱ्या कोणासही देऊ नये. बापाचा भाग मुलाच्या नावे करताना बापाचाच क्रमांक पुढे चालवण्याची जी सोयीची पद्धत आहे, ती बंद करावी. कारण त्यामुळे बापाचे कर्ज कोणते आणि मुलाचे कोणते, याचा उलगडा पुढे होत नाही. मुलाला नवा क्रमांक द्यावा आणि जुन्या क्रमांकापुढे वारसाची नोंद करावी. नावाचे मराठी रूप, ओळखपत्रावरील रूप, आणि स्त्री सभासद असल्यास माहेरचे नाव, यांसाठी निरनिराळ्या जागा राखाव्यात. संगणकात एकदा आलेली दुहेरी नावे पुढे निवडून काढणे हे तांदळातील खडे वेचण्यापेक्षाही किचकट काम असते.

लिहिणारा एक, पाहणारा दुसरा

वहीत खाडाखोड केली तर ती दिसते. शाई निराळी असते, अक्षर निराळे असते, कागद खरवडला गेलेला असतो. यंत्रात बदललेला आकडा मूळच्या आकड्याइतकाच स्वच्छ दिसतो. यास्तव कोणी, केव्हा, काय बदलले, याचा माग यंत्राने आपोआप ठेवला पाहिजे आणि तो माग पुसण्याचा अधिकार संस्थेतील कोणालाही असता कामा नये. चुकलेली नोंद पुसून टाकू नये. तिची उलट नोंद करून नवी नोंद घालावी. जुन्या हिशेबनिसांचा हाच दंडक होता.

एकाने नोंद करावी आणि दुसऱ्याने ती तपासून मंजूर करावी, हा दुसरा दंडक. प्रत्यक्षात मात्र पुष्कळ संस्थांत सचिवाचा पासवर्ड कारकुनाला ठाऊक असतो, कारकुनाचा सचिवाला, आणि दोघांचाही भिंतीवरील दिनदर्शिकेच्या कोपऱ्यात लिहिलेला असतो. पासवर्ड ही सही आहे. कोऱ्या धनादेशावर सही करून तो मेजावर ठेवण्यास कोणताही अध्यक्ष तयार होणार नाही. मग पासवर्ड दुसऱ्याच्या हाती देताना तेवढाच संकोच का वाटू नये? संस्थेत दोनच नोकर असतील, तर आठवड्यातून एक दिवस एखाद्या संचालकाने येऊन त्या आठवड्यातील मोठ्या रकमांच्या नोंदी मूळ पावत्यांशी ताडून पाहाव्यात. त्यासाठी त्याला संगणकशास्त्र येण्याची गरज नाही. अंक वाचता आले म्हणजे झाले.

हे दंडक मोडले म्हणजे काय होते, याची दोन उदाहरणे सर्वज्ञात आहेत. पंजाब अँड महाराष्ट्र सहकारी बँकेवर रिझर्व्ह बँकेने सप्टेंबर २०१९ मध्ये निर्बंध घातले. या बँकेच्या शाखा गोव्यासह अनेक राज्यांत होत्या. एका मोठ्या बांधकाम उद्योगसमूहाच्या ४४ कर्जखात्यांची बाकी झाकण्यासाठी २१,०४९ बनावट खाती दाखवण्यात आली, असे पोलिसांकडे दाखल झालेल्या फिर्यादीत नमूद आहे. ही नावे बँकेच्या मध्यवर्ती संगणकप्रणालीत नव्हती. ती तपासनिसांना सादर होणाऱ्या यादीत होती. म्हणजे यंत्र एक सांगत होते आणि कागद दुसरे. दोन्ही एकमेकांशी ताडून पाहिले असते, तर हे पूर्वीच उघडकीस येऊ शकले असते. प्रारंभी ठेवीदारांना आपल्याच खात्यातून केवळ १,००० रुपये काढण्याची मुभा होती. ज्यांच्या घरी लग्न होते, आजारपण होते, त्यांच्यावर काय ओढवले याची कल्पना येथील प्रत्येकास करता येईल. ही बँक जानेवारी २०२२ मध्ये दुसऱ्या एका बँकेत विलीन झाली.

दुसरे उदाहरण पुण्याच्या कॉसमॉस सहकारी बँकेचे. ११ ऑगस्ट २०१८ रोजी चोरट्यांनी बँकेच्या एटीएम व्यवहारांना परवानगी देणाऱ्या यंत्रणेची जागा एका बनावट यंत्रणेने घेतली. खात्यात शिल्लक आहे की नाही, हा प्रश्न मुख्य प्रणालीपर्यंत पोहोचलाच नाही. मधल्यामध्ये ‘होय, पैसे द्या’ असे उत्तर जात राहिले. काही तासांत २८ देशांतील एटीएम यंत्रांतून रकमा काढण्यात आल्या. पुढे १३ ऑगस्टला आणखी रक्कम परदेशी वळवण्यात आली आणि एकूण नुकसान ९४ कोटींच्या वर गेले. ग्राहकांच्या खात्यांतील शिलका शाबूत राहिल्या, ही त्यातल्या त्यात समाधानाची बाब. परंतु पैसे देणारे यंत्र आणि शिल्लक सांभाळणारे दप्तर यांची जुळणी सतत होत राहिली पाहिजे, हा धडा त्यातून मिळतो. दूध संकलन केंद्रावरील वजन व फॅट मोजणारे यंत्र आणि संस्थेचे पेमेंट पत्रक यांनाही तो तितकाच लागू आहे.

राखीव प्रत

वाळवी, आग आणि पूर हे वहीचे शत्रू होते. संगणकाचे शत्रू निराळे आहेत. पावसाळ्यात वीज कडाडते आणि यंत्र जळते. दिवा जातो आणि अर्धवट नोंद अडकते. अलीकडे तर खंडणीखोर प्रोग्रॅमचा धोका वाढला आहे. हा प्रोग्रॅम यंत्रात शिरून सर्व फायलींना जणू कुलूप लावतो आणि किल्लीसाठी पैसे मागतो. जून २०२२ मध्ये गोव्याच्या जलसंपदा खात्याच्या पूरनिरीक्षण यंत्रणेच्या सर्व्हरवर असाच हल्ला होऊन फायली कुलूपबंद झाल्या आणि खंडणी बिटकॉइनमध्ये मागण्यात आली. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये दिल्लीच्या ‘एम्स’ रुग्णालयावर हल्ला झाला, तेव्हा तेथील नोंदणीचे काम कित्येक दिवस कागदावर करावे लागले. ३१ जुलै २०२४ रोजी लहान बँकांना तांत्रिक सेवा पुरवणाऱ्या एका कंपनीची यंत्रणा बाधित झाली, आणि खबरदारी म्हणून सुमारे ३०० सहकारी व ग्रामीण बँकांचे ऑनलाइन व्यवहार काही काळ तोडावे लागले. त्या बँकांपैकी बहुतेकांच्या स्वतःच्या यंत्रांत काही बिघाड नव्हता. एकाच मोटेवर अनेकांचे मळे भिजत असतील, तर मोट तुटल्यावर सगळेच कोरडे राहतात, त्यातला हा प्रकार.

अशा वेळी वाचवते ती राखीव प्रत. परंतु प्रत कोठे ठेवली आहे, याला फार महत्त्व आहे. जून २०१७ मध्ये मर्स्क या जगप्रसिद्ध जहाज कंपनीवर असाच विध्वंसक हल्ला झाला. मुंबईजवळच्या न्हावा शेवा बंदरातील तिच्या समूहाच्या धक्क्यावरील कामही त्यामुळे विस्कळीत झाले होते. कंपनीच्या जाळ्यातील वापरकर्त्यांची सूची सांभाळणारे सुमारे १५० सर्व्हर एकमेकांच्या प्रती सतत ठेवीत असत. एक गेला तर दुसरा आहे, असा हिशेब होता. पण सर्वच एका जाळ्यात असल्याने सर्वच एकदम पुसले गेले. केवळ आफ्रिकेतील घाना देशातला एक सर्व्हर वाचला. कारण त्या वेळी तेथील वीज गेली असल्याने तो जाळ्यापासून तुटलेला होता. त्या एका प्रतीच्या आधारे कंपनीने आपला कारभार पुन्हा उभा केला. वीज जाण्याचा असा उपयोग क्वचितच झाला असेल! परंतु दरवेळी दैव धावून येत नाही.

तात्पर्य, माहितीच्या तीन प्रती असाव्यात, त्या निदान दोन प्रकारच्या साधनांवर असाव्यात, आणि त्यांपैकी एक दुसऱ्या जागी, यंत्रापासून पूर्णपणे अलग असावी. ज्या संगणकाची प्रत घेतली त्याच्याच खणात पेनड्राइव्ह ठेवणे म्हणजे कुलपाची दुसरी किल्ली त्याच दाराला लटकवून ठेवण्यासारखे आहे. शिवाय प्रत घेतली एवढ्याने भागत नाही. ती उघडते की नाही, हे दर तीन महिन्यांनी दुसऱ्या संगणकावर उघडून पाहावे. संपूर्ण सॉफ्टवेअर मध्यवर्ती सर्व्हरवर असले, तरी महिनाअखेरीची तेरीज आणि सभासदनिहाय बाक्यांची यादी छापून, सही-शिक्क्यानिशी संस्थेच्या तिजोरीत ठेवावी. यंत्र बंद पडले त्या दिवशी व्यवहार कसा चालवावा, पावती कोणती फाडावी, याचीही आगाऊ तजवीज असावी. हल्ला झालाच, तर तो लपवू नये. केंद्राच्या २०२२ च्या निर्देशांनुसार अशा घटनेची माहिती सहा तासांच्या आत संबंधित यंत्रणेला कळवणे बंधनकारक करण्यात आले. आणि पैशांची फसवणूक झाल्यास १९३० या क्रमांकावर तत्काळ तक्रार करता येते. लाजेपोटी गेलेला एक दिवस चोराच्या पथ्यावर पडतो.

दप्तर कोणाच्या मालकीचे?

अनेक संस्थांनी पूर्वी एखाद्या स्थानिक तंत्रज्ञाकडून फॉक्सप्रोसारख्या साधनात हिशेबाचा प्रोग्रॅम लिहून घेतला. तो तंत्रज्ञ दुसऱ्या गावी गेला, की वीस वर्षांचे दप्तर समोर असूनही बंद राहते. मराठी मजकुराची तर आणखी एक अडचण असते. युनिकोड ही जागतिक लिपिव्यवस्था १९९१ साली आली. परंतु त्यानंतरही दीर्घकाळ कचेऱ्यांत निरनिराळ्या कंपन्यांच्या फॉन्टमध्ये टंकलेखन होत राहिले. तो फॉन्ट यंत्रावर नसेल तर मराठी नावाच्या जागी इंग्रजी अक्षरांचा निरर्थक कालवा दिसतो, आणि नाव शोधू गेल्यास सापडत नाही. अशा जुन्या फायली युनिकोडमध्ये आणून त्यातील प्रत्येक नाव माणसाने एकदा वाचून घेणे आवश्यक आहे. कारण रूपांतरात जोडाक्षरे, रफार आणि वेलांट्या हमखास बिघडतात.

म्हणून कोणताही करार करताना तीन गोष्टी त्यात स्पष्ट लिहून घ्याव्यात. माहितीची मालकी संस्थेची राहील. करार संपल्यावर सर्व माहिती इतर कोणत्याही सॉफ्टवेअरला वाचता येईल अशा स्वरूपात परत मिळेल. आणि बिघाड झाल्यास किती वेळात कोण येईल. २०२३ साली संसदेने डिजिटल वैयक्तिक माहितीच्या संरक्षणाचा कायदाही संमत केला आहे. सभासदांच्या आधार ओळखपत्रांच्या छायाप्रती मेजावर पसरून ठेवण्याचे आणि त्यांची छायाचित्रे भ्रमणध्वनीवरून कोणालाही पाठवण्याचे दिवस संपले, हे सर्वांनी ध्यानी घ्यावे.

सभासदाचा डोळा

शेवटी प्रश्न उरतो तो जबाबदारीचा. ‘संगणकात तसेच येते’ हे उत्तर आज अनेक खिडक्यांवर ऐकू येते. एखादा वृद्ध शेतकरी आपण भरलेल्या हप्त्याची पावती घेऊन येतो. यंत्रात मात्र थकबाकी दिसते. अशा वेळी यंत्र खरे आणि माणूस खोटा, असे धरून चालणे हा अन्याय होय. पावती ही संस्थेच्याच माणसाच्या सहीची असते. तिची दखल घेऊन, मूळ रोजकीर्द काढून, सात दिवसांत लेखी उत्तर देण्याचा नियम प्रत्येक संचालक मंडळाने स्वतःवर घालून घ्यावा. यंत्रातील नोंदीला सचिवाने उत्तर द्यावे, सचिवाच्या कामाला संचालक मंडळाने, आणि संचालक मंडळाने सर्वसाधारण सभेला. संगणक आल्याने या साखळीतील एकही दुवा गळत नाही.

सभासदांचेही कर्तव्य आहे. छापील पासबुक ही शोभेची वस्तू नव्हे. वर्षातून निदान दोनदा ते भरून घ्यावे, पावत्यांशी ताडून पाहावे आणि फरक दिसताच विचारावे. ज्यांना वाचता येत नाही त्यांच्यासाठी शिक्षकांनी हातभार लावावा. वरच्या वर्गातील मुलांना सरळव्याजाची उदाहरणे पुस्तकातून देतो, तशीच ती घरच्या पासबुकातून करून घेतली, तर गणित आणि सहकार यांचे शिक्षण एकाच वेळी होईल. आणि गावातील प्रत्येक घरात हिशेब वाचणारा एक डोळा तयार होईल. कोणत्याही सॉफ्टवेअरपेक्षा हा डोळा अधिक विश्वासाचा आहे.

येत्या ३१ मार्चपूर्वी प्रत्येक संस्थेने एवढे तरी करावे. सभासदनिहाय बाक्या दाखवून सह्या घ्याव्यात. दुहेरी क्रमांक निवडून काढावेत. प्रत्येकाचा पासवर्ड वेगळा करावा. एक राखीव प्रत संस्थेबाहेर सुरक्षित ठेवून ती उघडून पाहावी. आणि सस्पेन्स खात्यातील प्रत्येक रकमेचा धनी शोधावा. यांपैकी एकाही कामाला मोठा खर्च नाही. लागते ती चिकाटी आणि आपल्या शेजाऱ्याच्या पैशाविषयीची आस्था.

१८८९ सालच्या त्या बडोद्याच्या मंडळींकडे यंत्र नव्हते. पण वहीत लिहिलेले खरे आहे, आणि ते खरे ठेवण्यास आपण बांधलेले आहोत, ही जाण होती. तीच जाण यंत्रासोबत पुढे नेली, तर गावचे दप्तर सुरक्षित राहील आणि त्यावर विसंबलेला माणूसही.

जय हिंद!